अपराजित राहूनही संघ बंद का झाला? सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाचा १९५१ चा फुटबॉल हंगाम

प्रश्न : खाडीकाठचा

नमस्कार. अमेरिकेतील महाविद्यालयीन फुटबॉलच्या इतिहासाची माहिती असलेल्या सभासदांना एक प्रश्न विचारायचा आहे. इथे फुटबॉल म्हणजे शिरस्त्राण घालून, लंबगोल चेंडू हातात घेऊन खेळला जाणारा अमेरिकन फुटबॉल, हे आधीच सांगून ठेवतो.

मी काही वर्षांपासून सॅन फ्रान्सिस्कोजवळ राहतो. गोल्डन गेट पार्कजवळ टेकडीवर जे सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठ आहे, ते जेझुइट या कॅथलिक पंथाच्या पाद्र्यांनी चालवलेले तुलनेने लहान विद्यापीठ असून आज तिथे फुटबॉलचा संघ नाही. मात्र १९५१ साली त्यांचा संघ नऊपैकी नऊ सामने जिंकला, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये विद्यापीठाने हा खेळच बंद केला.

या हंगामाबद्दल जे ऐकायला मिळते ते थोडक्यात असे. संघात ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर हे दोन कृष्णवर्णीय खेळाडू होते. हंगाम संपल्यावर नववर्षाच्या सुमारास निवडक संघांना बोलावून जे बाउल सामने खेळवले जातात, त्यांपैकी मायामीच्या ऑरेंज बाउलकडून या संघाला असे सुचवण्यात आले की, दोघांना घरी ठेवून येणार असाल तर या. संघाने एकमुखाने नकार दिला, बाउलचे उत्पन्न बुडाले आणि पैशाअभावी विद्यापीठाने संघ मोडला.

शेवटचे वाक्य मला पटत नाही. एका सामन्याच्या उत्पन्नावर एखाद्या विद्यापीठाचा संपूर्ण कार्यक्रम तरला असता, हे खरे वाटत नाही. आणि जर तो तरणारच नव्हता, तर नकार आणि बंद होणे या दोन गोष्टींना कार्यकारणाच्या धाग्यात ओवणे कितपत योग्य आहे? संघ कितपत चांगला होता, तो कशामुळे बंद झाला, आणि त्या मुलांनी होकार दिला असता तर काही वेगळे घडले असते का, यावर जाणकारांनी सविस्तर लिहावे ही विनंती.

उत्तर १ : गोलरेषा

आपण शंका घेतली आहे ती अगदी योग्य ठिकाणी घेतली आहे. मी या काळाविषयी बरीच वर्षे वाचत आलो आहे, त्यामुळे उत्तर थोडे लांबेल.

प्रथम संघाविषयी. प्रशिक्षक जो कुहारिक हे स्वतः नोत्र दाम विद्यापीठाचे खेळाडू होते आणि शिस्तीला अत्यंत कडक होते. हंगामाआधीचे सराव शिबिर त्यांनी कॅलिफोर्नियाच्या उत्तर भागातील कॉर्निंग या गावी, उन्हाळ्याच्या भर काहिलीत घेतले होते, आणि त्या संघातील खेळाडू म्हातारपणीही त्या शिबिराच्या आठवणी काढत असत. हा संघ एका अर्थाने वयानेही मोठा होता. पुढच्या फळीतील जिनो मार्केटी हे अठराव्या वर्षी दुसऱ्या महायुद्धात जर्मन आघाडीवर मशिनगन चालवून आलेले होते. कॉलेजच्या मैदानावर कुणी अंगावर धावून आले म्हणून ते बिचकण्याची शक्यता नव्हती. त्यांच्याच फळीत सहा फूट नऊ इंच उंचीचे बॉब सेंट क्लेअर होते. क्वार्टरबॅक, म्हणजे आक्रमणाची सूत्रे हलवणारे, एड ब्राउन पुढे शिकागो बेअर्स या व्यावसायिक संघाकडून खेळले. मॅटसन, मार्केटी आणि सेंट क्लेअर हे तिघेही व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर खेळाडूंच्या सन्मानयादीत आहेत. एका महाविद्यालयाच्या एकाच वर्षीच्या संघातून तिघे तिथे पोचणे ही फारच दुर्मीळ गोष्ट आहे, आणि तेही देशभरातून खेळाडू गोळा करण्याची ऐपत नसलेल्या विद्यापीठाच्या बाबतीत. चौथे नाव खेळाडूचे नाही. संघाची प्रसिद्धी पाहणारा तरुण म्हणजे पीट रोझेल, जे पुढे १९६० साली नॅशनल फुटबॉल लीग या व्यावसायिक स्पर्धेचे आयुक्त झाले आणि जवळजवळ तीन दशके त्या पदावर राहिले.

मॅटसन यांच्याबद्दल वेगळे लिहायलाच हवे. त्या हंगामात त्यांनी चेंडू घेऊन नऊ सामन्यांत १,५६६ यार्डांची धाव घेतली आणि देशात पहिला क्रमांक मिळवला. न्यूयॉर्कला जाऊन फोर्डहॅमविरुद्ध खेळलेला सामना संघाने ३२-२६ असा जेमतेम जिंकला, तो मॅटसन यांच्या बळावर. त्या सामन्यात त्यांनी प्रतिस्पर्ध्यांनी लाथेने उडवलेले दोन किक-ऑफ स्वतःच्या गोलरेषेजवळ झेलले आणि दोन्ही वेळा संपूर्ण मैदान पार करून टचडाउन केले, म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्यांच्या गोलरेषेपलीकडे नेऊन गुण मिळवले. मैदान शंभर यार्डांचे असते आणि अकरा जण एकाच माणसाला पाडण्यासाठी धावत असतात. असे एकदा साधले तरी खेळाडू आयुष्यभर सांगत राहतो. ते केवळ चेंडू घेऊन धावत नसत, तर प्रतिस्पर्ध्यांच्या हाती चेंडू असताना बचावातही उभे राहत. पुढच्या वर्षी हेलसिंकीच्या ऑलिंपिकमध्ये त्यांनी ४०० मीटर धावण्यात कांस्यपदक आणि चार गुणिले चारशेच्या रिलेत रौप्यपदक मिळवले. मराठी वाचकांना ते ऑलिंपिक वेगळ्या कारणाने ठाऊक आहे: कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी कुस्तीतील कांस्यपदक त्याच स्पर्धेत जिंकले होते.

आता पैशाचा भाग, कारण आपल्या प्रश्नाचा गाभा तिथे आहे. विद्यापीठाचे स्वतःचे मोठे मैदान नव्हते. सामने शहराच्या मालकीच्या केझार स्टेडियममध्ये होत. तिथे सुमारे साठ हजार माणसे बसू शकत, पण लहान विद्यापीठाच्या सामन्यांना त्याचा अल्पसा भागच भरत असे. त्याच केझारमध्ये १९४६ पासून फोर्टीनायनर्स हा व्यावसायिक संघ खेळू लागला होता आणि १९५० पासून तो नॅशनल फुटबॉल लीगमध्ये सामील झाला होता. रविवारी त्याच बाकांवर बसून नामवंत व्यावसायिक खेळाडू पाहायला मिळत असतील, तर आदल्या किंवा पुढच्या दिवशी पुन्हा तिकीट काढून विद्यापीठाचा संघ पाहायला शहरातील सामान्य माणूस कितीसा येणार? शिवाय पलीकडे बर्कलेला आणि दक्षिणेला स्टॅनफर्डला मोठे संघ होतेच.

खर्चाची बाजू तर याहून बिकट होती. तेव्हाच्या नियमांप्रमाणे खेळाडू कितीही वेळा बदलता येत असत, त्यामुळे आक्रमणाला एक फळी आणि बचावाला दुसरी अशी दोन पथके ठेवण्याची पद्धत रूढ झाली होती. याचा अर्थ दुप्पट शिष्यवृत्त्या, दुप्पट साहित्य आणि प्रवासात दुप्पट माणसे. मोठी राज्य विद्यापीठे हे सहज करू शकत होती. लहान खासगी महाविद्यालयांचे त्यात कंबरडे मोडले. हा नियम १९५३ साली बदलण्यात आला, तोवर अनेकांनी हात टेकले होते. वॉशिंग्टनच्या जॉर्जटाउन विद्यापीठाने १९५१ च्या आरंभीच खेळ बंद केला होता. सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरातील सेंट मेरीज या कॅथलिक महाविद्यालयाने १९५० च्या हंगामानंतर आणि सांता क्लारा विद्यापीठाने १९५२ च्या हंगामानंतर तेच केले. म्हणजे तीन शेजारी, तिघेही कॅथलिक संस्थांचे, लागोपाठच्या तीन वर्षांत मैदानातून बाहेर पडले. यांपैकी सेंट मेरीज आणि सांता क्लारा यांच्यापुढे ऑरेंज बाउलची कोणतीही अट आलेली नव्हती.

म्हणून माझे स्पष्ट मत असे की, नकारामुळे संघ बंद झाला हे म्हणणे बरोबर नाही. बाउलच्या उत्पन्नातून त्या वर्षीची तूट कमी झाली असती आणि कदाचित आणखी एक हंगाम मिळाला असता. त्यापुढे काही नाही. आणि माझ्या दृष्टीने त्यामुळे त्या मुलांच्या निर्णयाची किंमत कमी होत नाही, उलट तो निर्णय अधिक स्वच्छ दिसतो. संघ वाचवायचा की मित्रांना सोडायचे, असा सौदा त्यांच्यापुढे नव्हताच. त्यांच्यापुढे फक्त एवढेच होते की, आपल्यातील दोघांना वगळून मायामीला जायचे की नाही.

उत्तर २ : साक्षेपी

गोलरेषा यांच्या उत्तराशी मी बहुतांशी सहमत आहे. तथापि निमंत्रणाच्या कथेकडे थोडे काटेकोरपणे पाहणे आवश्यक वाटते, म्हणून हे लिहीत आहे.

हा संघ हंगामअखेर असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेच्या क्रमवारीत चौदावा होता. नऊ सामने जिंकूनही चौदावा का, याचे उत्तर सामन्यांच्या यादीत आहे. सॅन होजे स्टेटशी ते दोनदा खेळले. कॅम्प पेंडल्टन या मरीन सैनिकांच्या तळाचा संघ आणि सॅन डिएगोच्या नौदल प्रशिक्षण केंद्राचा संघ हे दोन प्रतिस्पर्धी तर महाविद्यालयेच नव्हती. आयडाहो, फोर्डहॅम, सांता क्लारा, पॅसिफिक आणि शेवटी लोयोला हे उरलेले पाच. आयडाहो सोडला तर मोठ्या परिषदांमधील (म्हणजे विद्यापीठांच्या स्पर्धागटांमधील) एकही संघ या यादीत नाही. त्यामुळे त्यांच्या आमंत्रणाच्या आड केवळ वर्णद्वेष आला असे न म्हणता, कमकुवत वेळापत्रक हेही एक कारण बाउल समित्यांच्या हाती होते, असे म्हणणे अधिक अचूक ठरेल.

पण हीच गोष्ट दुसऱ्या बाजूने तपासली की तो युक्तिवाद लंगडा पडतो. नोव्हेंबरमध्ये स्टॉकटनला जाऊन या संघाने कॉलेज ऑफ द पॅसिफिकला ४७-१४ असे धुऊन काढले. त्या हरलेल्या पॅसिफिकला एल पासोच्या सन बाउलचे आमंत्रण मिळाले आणि जानेवारी १९५२ मध्ये ते तिथे टेक्सस टेकविरुद्ध खेळले. ज्याने हरवले तो घरी, आणि जो हरला तो बाउलमध्ये, हे केवळ वेळापत्रकाच्या आधारे समजावून सांगता येत नाही.

दुसरा मुद्दा असा की, अटीचा प्रसंग मुख्यतः खेळाडूंनी पुढे अनेक वर्षांनी सांगितलेल्या आठवणींतून आपल्यापर्यंत पोचला आहे. पॅसिफिकचा सामना झाल्यानंतर कुहारिक यांनी संघाला परिस्थिती सांगितली आणि मुलांनी चर्चा करण्याचीही गरज न मानता नकार दिला, हे त्यांतील समान सूत्र आहे. तपशिलात फरक आहेत, जसे की अट एकाच बाउलची होती की दक्षिणेतील इतर बाउलही त्यात होते. मात्र ज्या काळात हे घडले तो काळ या कथनाला पूर्ण दुजोरा देतो. त्याच वर्षी २० ऑक्टोबरला ओक्लाहोमात ड्रेक विद्यापीठाचे कृष्णवर्णीय खेळाडू जॉनी ब्राइट यांच्यावर, चेंडू त्यांच्याजवळ नसताना, प्रतिस्पर्ध्याने ठोसे मारून त्यांचा जबडा मोडला. त्या प्रसंगाची छायाचित्रे दे मॉइन रजिस्टर या दैनिकाने छापली आणि त्यांना पुलित्झर पारितोषिक मिळाले. जे सर्वांच्या डोळ्यांदेखत मैदानावर होऊ शकत होते, ते बंद खोलीतील समितीच्या बैठकीत होत नसेल असे मानणे भाबडेपणाचे ठरेल.

त्याच वेळी, दुसरा मार्ग अशक्य होता असेही नाही. डॅलसच्या कॉटन बाउलमध्ये १९४८ च्या जानेवारीतच पेन स्टेटचा संघ वॉलेस ट्रिप्लेट आणि डेनी हॉगार्ड या कृष्णवर्णीय खेळाडूंसह खेळला होता. म्हणजे टेक्ससमध्ये चार वर्षांपूर्वी जे झाले होते ते फ्लॉरिडात करायला कुणाचे हात बांधलेले नव्हते. समितीची इच्छा नव्हती, एवढेच.

खाडीकाठचा

दोघांचेही मनापासून आभार. शेजारच्या दोन महाविद्यालयांचा संदर्भ मला अजिबात ठाऊक नव्हता आणि माझ्या मूळ शंकेचे त्याने समाधान झाले.

एक पुरवणी प्रश्न आहे. संघ बंद झाला तेव्हा सगळेच खेळाडू पदवीधर होऊन बाहेर पडणारे नव्हते. जे मागे राहिले त्यांचे काय झाले? आणि मॅटसन यांच्याविषयी पुष्कळ लिहिले जाते, पण टोलर यांच्याविषयी फारसे वाचायला मिळत नाही. विद्यापीठात एका वसतिगृहाला त्यांचे नाव आहे, त्यामागची हकीकत कुणी सांगू शकेल का?

उत्तर ३ : शिरीषा_म

आपण टोलर यांच्याबद्दल विचारलेत याचा मला आनंद झाला, कारण माझ्या मते या संपूर्ण कथेतील सर्वांत मोठा माणूस तोच आहे आणि त्याच्यावरच सर्वांत कमी शब्द खर्च होतात.

बर्ल टोलर मूळचे टेनेसीतील मेम्फिसचे. मॅटसन यांचा जन्म टेक्ससमधील ट्रिनिटी या गावचा. दोघेही सॅन फ्रान्सिस्कोच्या सिटी कॉलेजातून या विद्यापीठात आले. दक्षिणेत काळ्या माणसाला कसे वागवतात हे कॅलिफोर्नियात वाढलेल्या त्यांच्या गोऱ्या सोबत्यांना ऐकून माहीत असेल. या दोघांचा तर जन्मच तिथला. त्यामुळे अट कानावर आली तेव्हा त्यांना त्यात आश्चर्य वाटले नसणार. मला नेहमी वाटते की या प्रसंगाचे वर्णन करताना आपण गोऱ्या खेळाडूंच्या उदारपणावर फार थांबतो. त्यांनी केले ते योग्यच केले आणि त्याबद्दल आदर आहेच. परंतु ज्यांच्यामुळे संघाचे बाउल गेले असे चारचौघांत म्हटले जाणार होते, त्या दोन तरुणांच्या मनावर केवढे ओझे आले असेल, याचा विचार कुणी करत नाही.

टोलर हे बचावातील लाइनबॅकर. समोरच्या फळीच्या मागे उभे राहून चेंडू कुणीकडे जातो हे ओळखायचे आणि त्याला पाडायचे हे त्यांचे काम. त्यांच्याबरोबर खेळलेल्यांपैकी काहींनी तर त्यांना संघातील सर्वोत्तम खेळाडू म्हटले आहे. १९५२ साली क्लीव्हलँड ब्राउन्स या व्यावसायिक संघाने त्यांची निवड केली. परंतु त्याच उन्हाळ्यात, महाविद्यालयीन निवडक खेळाडू विरुद्ध व्यावसायिक विजेते अशा प्रदर्शनी सामन्यात त्यांचा गुडघा कायमचा दुखावला आणि व्यावसायिक मैदानावर एकही सामना न खेळता त्यांची कारकीर्द संपली.

मॅटसन यांना लीगमध्ये चौदा हंगाम मिळाले. १९५९ साली लॉस एंजेलिस रॅम्सने त्यांना घेण्यासाठी शिकागो कार्डिनल्स या त्यांच्या संघाला तब्बल नऊ जण देऊ केले, आणि तो व्यवहार करणारे रॅम्सचे व्यवस्थापक होते पीट रोझेल, म्हणजे जुन्या संघाचे प्रसिद्धिप्रमुख. टोलर यांना यातले काहीच मिळाले नाही. ते शिक्षक झाले. सॅन फ्रान्सिस्कोच्या सार्वजनिक शाळांमध्ये त्यांनी गणित आणि व्यायाम शिकवला, पुढे बेंजामिन फ्रँकलिन शाळेचे मुख्याध्यापक झाले, आणि त्या शहरात माध्यमिक स्तरावर मुख्याध्यापकपदी पोचलेले ते पहिले कृष्णवर्णीय होते. त्या शाळेच्या आवारालाही पुढे त्यांचे नाव देण्यात आले.

आणि मैदान त्यांनी सोडले नाही. १९६५ साली नॅशनल फुटबॉल लीगने त्यांना पंच म्हणून नेमले. अमेरिकेतील कोणत्याही मोठ्या व्यावसायिक लीगमध्ये पंच झालेले ते पहिले कृष्णवर्णीय. आठवडाभर शाळा चालवायची आणि शनिवार-रविवारी विमानाने दुसऱ्या शहरात जाऊन सामन्याला उभे राहायचे, असे त्यांनी पंचवीस हंगाम केले. त्यांचे काम हेड लाइन्समनचे असे. म्हणजे खेळ सुरू होण्याआधी दोन्ही फळ्या जिथे समोरासमोर येतात त्या रेषेच्या टोकाला उभे राहायचे, कुणी वेळेआधी हलले का ते पाहायचे आणि दहा यार्ड मोजण्याची साखळी सांभाळणाऱ्यांवर देखरेख ठेवायची. दोन्ही प्रशिक्षकांपैकी एकाची आरडाओरड सतत कानाशी चालू असते, ती सहन करून निर्णय द्यायचा. जानेवारी १९८० च्या सुपर बाउलमध्ये त्यांनी हेच काम केले. ज्याला १९५१ च्या अखेरीस एका बाउलसाठी मायामीत पाऊल ठेवू नका असे सुचवले गेले, तो अमेरिकेतील सर्वांत मोठ्या सामन्याच्या पंचमंडळात होता.

आता वसतिगृहाची हकीकत. त्या इमारतीला पूर्वी जेम्स फेलन यांचे नाव होते. फेलन हे सॅन फ्रान्सिस्कोचे एकेकाळचे महापौर, नंतर सिनेटर आणि मोठे देणगीदार. परंतु १९२० सालच्या निवडणुकीत त्यांनी कॅलिफोर्निया गोऱ्यांचेच ठेवा अशी घोषणा देऊन प्रचार केला होता आणि जपानी व अन्य आशियाई स्थलांतरितांना ते उघड विरोध करत. विद्यार्थ्यांनी याकडे लक्ष वेधले, नाव बदलण्याची मागणी लावून धरली आणि २०१७ साली विद्यापीठाने ती इमारत टोलर यांच्या नावे केली. टोलर त्याआधी आठ वर्षांपूर्वी, २००९ मध्ये वारले होते. आपल्यासारखी कितीतरी भारतीय मुले आज त्या विद्यापीठात शिकतात, म्हणून कोणते नाव जाऊन कोणते आले हे लक्षात ठेवण्यासारखे आहे असे मला वाटते.

उत्तर ४ : गोलरेषा

मागे राहिलेल्या खेळाडूंबद्दलचा प्रश्न अनुत्तरित राहिला आहे, तो पूर्ण करतो.

सर्वांत ठळक उदाहरण बॉब सेंट क्लेअर यांचे. १९५१ मध्ये त्यांचे एक वर्ष शिल्लक होते. स्वतःच्या शहरात, स्वतःच्या मैदानावर शेवटचा हंगाम खेळण्याऐवजी त्यांना ओक्लाहोमातील टल्सा विद्यापीठात जावे लागले आणि तिथून १९५३ साली ते फोर्टीनायनर्सकडे आले. फोर्टीनायनर्सचे मैदान केझारच असल्यामुळे पुढची सगळी कारकीर्द त्यांनी त्याच गवतावर काढली. आता त्या मैदानाला त्यांचेच नाव आहे. मार्केटी आणि मॅटसन यांची महाविद्यालयीन वर्षे संपलेलीच होती, त्यामुळे त्यांचे नुकसान झाले नाही. परंतु ज्यांची नावे हॉल ऑफ फेमच्या यादीत नाहीत अशा दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाच्या मुलांपैकी ज्यांना दुसरीकडे जागा मिळाली नाही, त्यांचा खेळ तिथेच संपला. कार्यक्रम बंद करण्याची खरी झळ अशा मुलांना लागते आणि त्यांच्याबद्दल कुठेही फारसे छापून येत नाही. प्रशिक्षक कुहारिक १९५२ साली शिकागो कार्डिनल्सचे प्रशिक्षक झाले, मॅटसन यांनाही त्याच संघाने घेतले होते.

साक्षेपी यांनी कॉटन बाउलचे उदाहरण दिले, त्याला जोडून एवढेच सांगतो की न्यू ऑर्लीन्सच्या शुगर बाउलमध्ये कृष्णवर्णीय खेळाडू उतरायला जानेवारी १९५६ उजाडावे लागले. पिट्सबर्गचे बॉबी ग्रिअर तेव्हा जॉर्जिया टेकविरुद्ध खेळले, आणि त्याआधी जॉर्जियाच्या गव्हर्नरांनी तो सामनाच होऊ नये म्हणून जोर लावला होता. १९५१ च्या या मुलांनी कुणाच्याही पाठबळाशिवाय, कुणी आंदोलन उभे केलेले नसताना नकार दिला होता, हे या तारखांवरून ध्यानात येते.

विद्यापीठाने खेळाकडे पाठ फिरवली असाही याचा अर्थ काढू नये. त्याच विद्यापीठाच्या बास्केटबॉल संघाने बिल रसेल आणि के. सी. जोन्स यांच्यासह १९५५ आणि १९५६ अशी लागोपाठ दोन वर्षे राष्ट्रीय विजेतेपद मिळवले, आणि त्या संघाच्या पहिल्या पाचांत तीन कृष्णवर्णीय खेळाडू होते. बास्केटबॉलला डझनभर मुले आणि एक व्यायामशाळा पुरते, फुटबॉलला चार डझन मुले आणि भाड्याचे स्टेडियम लागते, हा आर्थिक फरक इथे स्पष्ट दिसतो.

फुटबॉल मात्र तिथे एकदा परत आला होता. १९५९ साली लहान प्रमाणावर, पूर्वीच्या दर्जाची कोणतीही महत्त्वाकांक्षा न ठेवता संघ पुन्हा उभा करण्यात आला आणि १९७१ च्या हंगामानंतर तो कायमचा बंद झाला. त्या दुसऱ्या संघाबद्दल वाचायला फार थोडे मिळते. कुणाकडे त्या काळच्या सामन्यांची माहिती असेल तर इथे अवश्य द्यावी.